आल्वेरा नावाचा पुरावा

हाल्बेराच्या लाल पेन्सिलीला रेक्याविकमधले आईबाप मनातून टरकून असायचे, आणि ते काही उगाच नाही. पोटुशी बाई दिसली की लोक नावांचं जे जाडजूड पुस्तक भेट म्हणून नेऊन देतात, त्याची नवी आवृत्ती निघायची होती. त्यातलं एकेक नाव घ्यायचं, ते कुठून आलं, त्याचा अर्थ काय, हे पडताळायचं आणि खोटं असेल ते काढून टाकायचं, हे काम प्रकाशकाने हाल्बेराच्या गळ्यात घातलं होतं. गळ्यात कसलं, तिला ते हवंच होतं.

जुनी आवृत्ती एका शाळामास्तराने लिहिलेली. माणूस जाऊन जमाना झाला, गेलेल्याबद्दल वाईट बोलू नये. पण होता भारी गोड. एखाद्या नावाला अर्थ सापडेना, तर त्याला रिकाम्या हाताने कसं पाठवायचं, म्हणून पदरचा अर्थ बांधून द्यायचा. 'पहाटेचा पहिला किरण' काय, 'समुद्राची लाडकी लेक' काय. लोक भुलायचे आणि पोरांना ती नावं ठेवायचे. काही नावं तर त्याने स्वतःच घडवली होती, आणि तीही जुन्या नॉर्स भाषेतली म्हणून खपवली होती. हाल्बेरा अशा ओळीवर रेघ मारायची आणि समासात एकच शब्द लिहायची, 'निराधार'.

तिची रीत ठरलेली होती. जुन्या हस्तलिखितात नाव आहे का? चर्चच्या दप्तरात आहे का? ते नाव घेऊन कुणी जिवंत माणूस या बेटावर कधी वावरलं का? तिन्हीकडून नाही आलं की नाव बाद. कुणी सांगायला आलंच, की आमच्या पणजीचं नाव हे होतं, तर त्याला बसवून उलटसुलट विचारायची. तू स्वतः ऐकलंस का? कुठे ऐकलंस? दुसऱ्या कुणी तुझ्या कानात भरवलेलं नाही ना? माणूस घामाघूम व्हायचा. एकदा एका बापाने फोनवर चिडून विचारलं होतं, "आमच्या पोरींच्या नावांचे अर्थ काढून घेऊन तुला मिळतं तरी काय गं बाई?"

"झोप," ती म्हणाली होती. "खोटं छापलं की मला झोप लागत नाही."

त्या गुरुवारी दुपारी पुस्तकाची संपादक रग्ना तिच्या टेबलापाशी येऊन उभी राहिली. रग्ना वयाने तिच्या निम्मी, कामाला वाघीण, आणि हाल्बेराला न भिणारं त्या कचेरीतलं एकुलतं एक माणूस.

"एकच नाव राहिलंय. आल्वेरा," ती म्हणाली. "मंगळवारी पानं छापायला जाणार. तू हे मागे का ठेवलंयस, ते मला काही कळत नाही. मागच्या महिन्यात विचारलं तेव्हाही म्हणालीस, बघते."

"बघतेय."

"यात बघायचंय काय? जुन्या पुस्तकात लिहिलंय, जुनी नॉर्स, अर्थ 'जी कायम राहते ती'. खरं आहे?"

"खोटं आहे. मास्तरांनी दोन शब्द जोडून घरी बनवलेलं नाव आहे ते. जुन्या भाषेत असं नाव नाही."

"आणि कुणी ठेवलंय कधी?"

"नोंदणीत एकही नाही."

"मग काट की. तुझाच नियम आहे, मी काय शिकवू तुला?"

"काटते," हाल्बेरा म्हणाली. पेन्सिल हातात होती, टोक कागदाला टेकलं होतं, पण हात पुढे सरकेना. मग तिने पेन्सिल खाली ठेवली आणि खुर्चीच्या पाठीवरचा कोट उचलला. "सोमवारी सांगते."

रग्ना नुसती बघत राहिली. दुसऱ्यांच्या पणज्यांना बेधडक खोडणारी ही बाई एका कुणाच्याच नसलेल्या नावापाशी अडून बसली, याचं तिला नवल वाटलं असणार. 

रग्नाला ठाऊक नव्हतं, आणि खरं तर कुणालाच ठाऊक नव्हतं. खूप वर्षांपूर्वीची गोष्ट. हाल्बेरा तरुण होती, नवऱ्याबरोबर पश्चिमेच्या थिंगेरी गावात राहायची. नवरा एविंदुर होड्या दुरुस्त करायचा. पहिली मुलगी झाली ती भर हिवाळ्यात. वाचनालयातून मास्तरांचं पुस्तक आणून हाल्बेराने पोटुशी असतानाच नाव निवडून ठेवलं होतं, अर्थावर भाळून. जी कायम राहते ती. एविंदुरला सांगितलं, त्याने मान डोलावली, आणि दोघांनी तोंडाला कुलूप लावलं. बाप्तिस्म्याआधी नाव फोडायचं नाही, ही आपल्या बेटावरची रीतच आहे. आजीलासुद्धा सांगत नाहीत, आणि आजीही विचारत नाही. विचारणं वाईट दिसतं. तोवर मूल म्हणजे नुसतं 'पोर'.

रविवारी बाप्तिस्मा ठरला होता. शनिवारी सकाळी पोर झोपेतून उठलंच नाही.

पाणी शिंपडायलासुद्धा वेळ मिळाला नाही, नाहीतर मरत्या मुलाला कुणीही बाप्तिस्मा देऊ शकतं. लोक आले, कॉफी झाली, हातात हात घेऊन बसले. आणि सगळ्या गावात एकानेही विचारलं नाही की तिचं नाव काय ठेवणार होतात. माणसं वाईट नव्हती हो. उलट रीतीला जागली. बाप्तिस्म्याआधी नाव विचारायचं नाही, आणि तो तर आता कधीच होणार नव्हता. हाल्बेरा वाट बघत राहिली की कुणीतरी विचारेल. मग तिनेही सांगितलं नाही, एविंदुरनेही नाही, आणि जे एकदा घशात अडकलं ते तिथेच राहिलं.

जमीन दगडासारखी गोठलेली. त्याच आठवड्यात वरच्या वाडीवर एक म्हातारी वारली होती, तिच्यासाठी खड्डा खणला होता. इवल्याशा जिवाने एकट्याने जाऊ नये म्हणून अशा वेळी त्याला परक्या माणसाच्या शवपेटीत ठेवायचे, हा तिकडचा जुना रिवाज. तेव्हा तो मोडत आला होता, पण थिंगेरीत म्हातारी माणसं होती, त्यांना तो आठवला. पोर म्हातारीच्या कुशीत ठेवलं. वर क्रूस उभा राहिला तो एकट्या म्हातारीच्या नावाचा. ही कोण बाई, कशी होती, हाल्बेराने तिला जिवंतपणी धड पाहिलंही नव्हतं. पेटी बंद करताना तेवढं पाहिलं. पुढच्या वर्षी तिने गाव सोडलं, रेक्याविकला येऊन जुनी भाषा शिकायला बसली. त्या नावाचा अर्थ नीट समजून घ्यायचा, एवढंच डोक्यात होतं. आणि समजलं ते हे, की त्याला अर्थच नाही. लाल पेन्सिल तिथून हातात आली.

एविंदुर तीन वर्षांपूर्वी गेला. आता ते नाव जगात दोनच ठिकाणी उरलं होतं, मास्तरांच्या पुस्तकात आणि हाल्बेराच्या तोंडात. पुस्तकातून ते तिलाच खोडायचं होतं, आणि तोंडाचं काय, ती काही अमरपट्टा घेऊन आली नव्हती.

घरी पोचली तर लेक जिन्यात उभी. सुनेवा, तिची दुसरी आणि आता एकुलती मुलगी, उशिरा झालेली. सोबत बाबागाडी, आणि गाडीत महिन्याभराचं पोर. शनिवारी त्याचा बाप्तिस्मा होता.

"किल्ली विसरले. किती वेळ लावलास गं?" सुनेवा म्हणाली. वर आल्यावर तिने गाडी सरळ गॅलरीत नेऊन लावली, दुलई नीट केली आणि दार ओढून घेतलं. पोरं बाहेर थंड हवेतच छान झोपतात, कुणीही सांगेल. हाल्बेराने कॉफी टाकली, डब्यातल्या क्लेनुर, त्या तळलेल्या गोड पिळांच्या, ताटलीत काढल्या, आणि मधेच जाऊन काचेतून डोकावून आली.

"आई, आत्ताच तर झोपवलंय."

"बघितलं नुसतं."

"तू माझ्या वेळीही असंच करायचीस, बाबा सांगायचे. दर पाच मिनिटांनी नाकाखाली बोट." सुनेवाने एक क्लेनुर कॉफीत बुडवली. "एक विचारायचंय. नावाबद्दल नाही, घाबरू नकोस."

"मी कशाला घाबरू? शनिवारी कळेलच."

"तुला आधी सांगायची सोयही नाही म्हणा. लगेच कागदपत्रं मागशील." ती हसली, पण हसू काही टिकलं नाही. "स्वप्नाबद्दल विचारायचंय. पोर पोटात असताना पडायचं, परवा परत पडलं. तुझा जावई म्हणतो, रात्री खारवलेला मासा चापतेस, दुसरं काय होणार. पण मला वाटतं, कुणीतरी नाव मागायला येतंय."

हाल्बेराने कप खाली ठेवला. गेलेलं माणूस पोटुशीच्या स्वप्नात येऊन बसतं, म्हणजे त्याला आपलं नाव त्या मुलाला हवं असतं, हे लहान पोरालाही ठाऊक असतं. कुणी मानतं, कुणी हसण्यावारी नेतं. पण आलेल्याला रिकामं परत पाठवायला हसणाऱ्याचाही जीव धजत नाही. आणि भलत्याचंच नाव ठेवलं तर ते त्याहून वाईट.

"कोण येतं?" तिने विचारलं.

"तेच तर. ओळखतच नाही मी. म्हातारी आहे. आपल्यातली वाटत नाही. म्हटलं तू ओळखशील. आमचं नाव ठरलंय आई, चांगलं आहे, पण दर वेळी तोंडाशी येतं आणि अडतं. दारात एक बाई ताटकळत असताना आपण दुसऱ्यालाच जेवायला वाढावं, तसं वाटतं."

हाल्बेराला दुसरं काही येत नव्हतं, म्हणून तिने कचेरीत करायची तेच केलं. साक्षीदाराला विचारायला लागली.

"कुठे दिसते?"

"आमच्या घरी. बाहेरच्या दारातून येते, चपला काढते, स्वयंपाकघरात येऊन बसते."

"कपडे?"

"काळा घागरा. वर लोकरीची शाल, करड्या रंगाची, एका कोपऱ्याला वेगळ्याच लोकरीने रफू केलंय. तपकिरी."

 तो कोपरा तिने एकदाच पाहिला होता, आणि पेटीचं झाकण त्यावर बंद झालं होतं.

"फोटोत पाहिलं असशील कुणाला तरी," ती म्हणाली. 

"नाही. आणि शाल अंगभर गुंडाळलेली नसते. पुढे अशी धरलेली असते, दोन्ही हातांनी. आत काहीतरी असतं."

"काय असतं?"

"आधी कळायचं नाही. परवा तिने जरा उघडून दाखवलं. बाळ होतं. झोपलेलं."

"आणि? बोलली?"

"हो. म्हणाली, 'मला नाव आहे. हिला नाही.'"

गॅलरीच्या काचेवर वाऱ्याने बर्फाचा चुरा येऊन आपटत होता. हाल्बेरा उठून काचेपाशी गेली. गाडीतलं पोर गाढ झोपलं होतं, नाक लाल झालं होतं, श्वास दिसत होता.

"तुला हे कुणी सांगितलं?" पाठ न वळवता तिने विचारलं.

"काय सांगितलं?"

"बाबांनी? नक्की आठव. आजारपणात काही बोलले असतील. नाहीतर थिंगेरीला गेली होतीस तेव्हा कुणी?"

"आई, मी स्वप्न सांगतेय. कोण काय सांगणार? थिंगेरीला मी शाळेच्या सहलीबरोबर गेले होते, तेही पावसात बसमध्ये बसून." सुनेवाही उठली. "तू ओळखतेस तिला."

"नाही."

"ओळखतेस. तुझी मान लाल झालीये."

"नाही म्हटलं ना. मी त्या बाईला ओळखत नाही." शब्दाला शब्द लावून पाहिलं तर हे खोटं नव्हतं. पण खोटं म्हणजे काय हे हाल्बेराइतकं कुणाला कळत होतं? तिला स्वतःची लाज वाटली, आणि तरी ती मूग गिळून उभी राहिली. इतकी वर्षं गप्प राहिलं की गप्प राहणं हाच स्वभाव होऊन बसतो.

सुनेवा आणखी थोडा वेळ थांबली. मग गॅलरीत जाऊन तिने पोराला उचललं, आत आणलं, कोट चढवायला लागली. चिडली होती, पण चिडीपेक्षा थकवा जास्त होता.

"जाऊ दे. शनिवारी आमचं ठरलेलंच ठेवते. काय करू मग? ना तिचं नाव ठाऊक, ना त्या बाळाचं. तुला सगळ्या देशाची नावं ठाऊक, आणि घरात कामाला येत नाहीत." दारापाशी बूट घालताना ती खाली वाकून म्हणाली, "वाईट एवढंच वाटतं की जाताना ती आणखी एक बोलली. दारात वळून म्हणाली, 'लवकर बघ गं पोरी. माझे हात भरून आलेत.'"

हाल्बेरा मटकन दाराजवळच्या बाकावर बसली. टोप्या-मोज्यांचा ढीग होता त्यावरच बसली. कोण कुठली म्हातारी, ना नात्याची ना गोत्याची. गावाने तिच्या कुशीत एक पोर ठेवलं आणि सगळे कॉफी प्यायला निघून गेले. पोराची आईसुद्धा निघून गेली, शिकायला. आणि ती तशीच धरून बसलीये. हाल्बेराला रडू आलं ते पोरीसाठी नव्हे, आधी त्या म्हातारीसाठी आलं. मग दोघींसाठी.

एक बूट पायात, एक हातात, अशीच सुनेवा थबकली. आईला असं तिने कधी पाहिलं नव्हतं. पोराला मांडीवर घेऊन ती शेजारी बसली. मग हाल्बेराने सगळं सांगितलं. हिवाळा, शनिवार सकाळ, पेटी, करडी शाल, तपकिरी रफू. आधी एक मूल गेलं होतं एवढं सुनेवाला माहीत होतं. ती बहीण होती, आणि ती अशी निजलीये, हे माहीत नव्हतं.

"तिथे दगडसुद्धा नाही तिचा?"

"नाही."

"आणि हे तू मला आज सांगतेस? मी बाळंतपणाला गेले तेव्हा तू बाहेर अंग चोरून उभी होतीस, आत यायला तयार नव्हतीस. मला वाटलं तुला माझं काही वाटतच नाही." सुनेवाचा आवाज चढला आणि तसाच फुटला. पोर दचकलं, मग पुन्हा निजलं. "काय ठेवणार होतात तिचं नाव?"

हाच तो प्रश्न. हाल्बेराने आख्खं आयुष्य त्याची वाट पाहिली होती.

"आल्वेरा," ती म्हणाली. मोठ्याने म्हणायची ही पहिलीच वेळ. एविंदुरलासुद्धा कानात सांगितलं होतं. लगेच तिने पुढे जोडलं, "पण ते खोटं नाव आहे. मास्तरांनी बनवलेलं. म्हणे, जी कायम राहते ती. मी भुलले आणि घेतलं. रविवारपर्यंतसुद्धा राहिली नाही. मी तपासलंय सुनेवा, पार मुळापर्यंत जाऊन तपासलंय. त्याला काही अर्थ नाही. तू ते ठेवू नकोस. मंगळवारी ते पुस्तकातूनही जाणार."

"मला अर्थ कुठे हवाय, आई? ती बाई अर्थ मागायला आलेली नाही."

 सुनेवाने दुसरा बूट घातला. जिन्यात तिने मागे वळून पाहिलं. "ठेवू का नको ते विचारू नकोस," ती म्हणाली. "शनिवारी कळेल."

मधला शुक्रवार हाल्बेराने घरात काढला. सवय कुठे जाते? थिंगेरीतली कोण कोण माणसं हयात आहेत, एविंदुर कुणाकुणाशी बोलायचा, शाल कुणी पाहिली असेल, सुनेवाच्या कानावर कुठून जाऊ शकतं, असा एकेक दुवा ती तपासत बसली. एक दुवा तर सापडलाही. एविंदुरची बहीण तेव्हा पेटीपाशी उभी होती, आणि सुनेवा लहानपणी तिच्याकडे सुट्टीला जायची. बाई अजून धडधाकट आहे, अकुरेरीत राहते. हाल्बेराने फोन उचलला, नंबर लावायला घेतला, आणि परत ठेवून दिला. तपासून काय करणार होती? आत्याने सांगितलं असलं, तरी त्या म्हातारीचे हात भरून आलेतच.

शनिवारी सुनेवाच्या बैठकीच्या खोलीत माणसं मावत नव्हती. बाहेर चिखलबर्फ, दारात बुटांचा डोंगर. टेबलावर स्मोक केलेलं मटण घातलेल्या पातळ भाकऱ्या, कोळंबीचा, पावाच्या थरांचा खारा केक, आणि मधोमध पाण्यासाठी काचेचं भांडं. जावई कोल्बेनची आई फान्ने नवा निळा ड्रेस घालून पहिल्या खुर्चीत बसली होती. नात आपलंच नाव लावणार याची तिला इतकी खात्री होती की तिने सकाळीच शेजारणीला पेढ्यासारखे चॉकलेट वाटले होते.

"काही कानावर आलं का गं विहीणबाई?" तिने हाल्बेराच्या कोपराला कोपर लावून विचारलं.

"काही नाही."

"मीही विचारलेलं नाही हं. मला काय, कुठलंही चालेल," ती म्हणाली आणि ड्रेसची घडी सारखी केली.

गेर्दुर नावाची तरुण पाद्रीबाई आली, तिने प्रार्थना म्हटली, गाणं झालं. पोराला बाप्तिस्म्याला कुणी धरायचं, ते ठरलेलं नव्हतं, निदान हाल्बेराला तरी सांगितलेलं नव्हतं. सुनेवा लांबलचक पांढऱ्या झबल्यातलं पोर घेऊन थेट तिच्यापाशी आली.

"तू धर."

"मी? फान्नेला दे. माझे हात..."

"तूच धर, आई."

हाल्बेराने पोर घेतलं. जड होतं, गरम होतं. ती भांड्यापाशी जाऊन उभी राहिली. गेर्दुरने बाही मागे सारली आणि विचारलं, "या मुलीचं नाव काय?"

सगळ्यांनी सुनेवाकडे पाहिलं. सुनेवा गप्प. कोल्बेनकडे पाहिलं. तो बिचारा जमिनीकडे बघत होता, पण त्याच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या, म्हणजे त्याला ठाऊक होतं. खोलीत कुणीतरी खोकलं. मग सुनेवाने आईकडे पाहिलं, आणि हाल्बेराला कळलं की उत्तर देणारं माणूस दुसरं कुणी नाही. पोराला जो धरतो, तोच नाव सांगतो.

"आल्वेरा," ती म्हणाली. खोलीच्या पार शेवटपर्यंत ऐकू गेलं.

गेर्दुरने ते नाव घेऊन पोराच्या कपाळावर पाणी लावलं, एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. दर वेळी ते परक्या तोंडून ऐकताना हाल्बेराला वाटलं की आपल्या अंगावरचं काहीतरी एकेक करून कुणी उतरवून घेतंय. पोर रडलं नाही. थंड पाणी डोळ्यात गेलं तेव्हा तेवढं नाक मुरडलं.

नंतर फान्नेने चॉकलेटचं दुःख कोळंबीच्या केकबरोबर गिळलं आणि मोठ्या मनाने जवळ आली. "छान आहे हो. कधी ऐकलं नव्हतं. अर्थ काय गं त्याचा? तुला तर माहीत असणारच."

"माहीत नाही," हाल्बेरा म्हणाली.

"तुला? माहीत नाही?"

"नाही. पण माझ्या थोरलीचं नाव आहे ते."

फान्नेच्या हातातला काटा तिथेच थांबला.  तिने आपला मोकळा हात हाल्बेराच्या हातावर ठेवला आणि दोघी खुर्च्या जवळ ओढून बसल्या, पोर दोघींच्या मधे.

सोमवारी सकाळी हाल्बेरा कचेरीत रग्नाच्या आधी पोचली. रग्ना आली तेव्हा शेवटचं पान तिच्या टेबलावर होतं. मास्तरांची ओळ लाल रेघेने खोडलेली, समासात 'निराधार'. नाव मात्र शाबूत होतं. त्याच्यापुढे हाल्बेराच्या उभ्या अक्षरात लिहिलं होतं: 'नवं घडवलेलं नाव. अर्थ ज्ञात नाही. नाव धारण करणाऱ्या: दोन.'

रग्नाने ते दोनदा वाचलं आणि पान घेऊन आली.

"नातीचं कळलं मला. अभिनंदन. पाद्रीबाईंचा कागद आज नोंदणीला जाईल, म्हणजे एक पक्की. नाव राहिलं, माझी काही तक्रार नाही." तिने बोट ओळीवर ठेवलं. "पण तू दोन लिहिलंयस. दुसरी कुठेच नाही. हस्तलिखितात नाही, चर्चमध्ये नाही, नोंदणीत नाही. हाल्बेरा, मी तुला हे विचारतेय म्हणजे बघ, पण दुसरीचा पुरावा काय?"

हाल्बेराने चष्मा काढला, पुसला, परत घातला.

"पुरावा तुझ्यासमोर बसलाय," ती म्हणाली. "विचार काय विचारायचं ते. उलटसुलट विचार."

रग्ना खुर्ची ओढून समोर बसली.  मग रग्नाने पान बाजूला ठेवलं आणि हळूच विचारलं, "कशी होती दिसायला?"

आणि हाल्बेरा सांगायला लागली.